ओंताच्या ताटलीवर कुंभाराचे नाव नसते

महोदय,

आपल्या रविवार पुरवणीतील जपानी कुंभारकामावरील लेख आवडला. बिझेन या जपानी शहरातली भांडी लाकडाच्या जाळात कित्येक दिवस भाजली जातात आणि उडालेली राख अंगावर वितळून त्यांना आपसूक झिलई चढते, हे त्यात छान आले आहे. मात्र ही सारी नामवंत कलावंतांची करामत आहे, असा समज लेख वाचून होतो. तो दूर व्हावा म्हणून क्युशू बेटावरील ओंता या खेड्याविषयी लिहीत आहे. मुलगी नोकरीनिमित्त त्याच बेटावरील फुकुओका शहरात होती, तेव्हा मी ओंताला जाऊन आले.

हिता शहराजवळच्या डोंगरात हे जेमतेम दहाएक कुंभारघरांचे गाव असून १७०५ पासून तेथे चाक फिरते आहे. गाव दिसण्याआधी धप्प, धप्प असा आवाज कानी येतो. ओढ्यावर मोठाले ओंडके आडवे टेकवलेले असतात. एका टोकाची कोरलेली डोणी पाण्याने भरली की ते टोक खाली जाते, पाणी सांडते आणि दुसरे टोक मुसळासारखे मातीवर आदळते. दोन घावांच्या मधल्या उसंतीत एक आजी हाताने माती वरखाली करत होत्या. डोंगरातली ती टणक माती रात्रंदिवस कित्येक दिवस कुटावी लागते; मग ती पाण्यात कालवून, गाळून, सुकवून पायाने फिरवायच्या चाकावर येते. विजेचे यंत्र बसवणे त्यांना अवघड नाही, पण ते बसवत नाहीत. ओढा कुटून देईल तेवढीच माती आणि त्या मातीत होतील तेवढीच भांडी, हा हिशेब मला फार मोलाचा वाटतो.

माती सगळे मिळून खणतात. उतारावर चढत गेलेली खणाखणांची भट्टी काही घरांत सामायिक आहे; खालच्या खणाच्या जाळाने वरचे खण तापत जातात आणि पाळीपाळीने त्यात लाकूड सारले जाते. १९९५ मध्ये जपान सरकारने या कौशल्याला राष्ट्रीय वारसा म्हणून मान्यता दिली, तीही एखाद्या कुंभाराच्या नावे नव्हे, तर गावाच्या जतनमंडळाच्या नावे.

मी तेथून आणलेल्या ताटलीवर कुणाचीही सही नाही. लेखमालेचा पुढील भाग येणार असल्यास, माती कुटणाऱ्या आणि भट्टीशी जागणाऱ्या या घरांनाही त्यात जागा मिळावी, ही विनंती.

आपली,
एक वाचक, चिपळूण