तिल्झितच्या निमित्ताने

पुणे,
१४ जुलै

प्रिय अनंता,
सप्रेम नमस्कार.

मुर्नाऊचा ‘सनराइज’ पाहून आल्यावर तू विचारलेस, की हा चित्रपट ज्या कथेवर बेतला आहे, त्या जर्मन लेखक झूडरमानच्या ‘तिल्झितचा प्रवास’मधले तिल्झित आहे तरी कुठे. उत्तर एका ओळीचे आहे. पण मी गेले काही महिने याच मुलखात वावरत असल्यामुळे पत्र लांबणार, हे आधीच सांगून ठेवतो.

तिल्झित हे मेमेल नदीकाठचे, त्या काळच्या पूर्व प्रशियातले गाव. आज ते रशियाच्या कालिनिनग्राद प्रांतात असून त्याचे नाव सोव्हेत्स्क आहे. आसपासच्या खेड्यांतले बरेचसे शेतकरी आणि कोळी लिथुआनियन बोलणारे, पंथाने ल्युथरवादी आणि प्रशियाच्या राजाचे प्रजाजन होते. प्रवचन त्यांच्या भाषेतून द्यावे लागे, म्हणून पाद्र्यांना ती शिकणे भाग पडले, आणि त्यांच्या वह्यांतूनच लिथुआनियन गाणी जर्मन साहित्यात शिरली. या गाण्यांना ‘दाइना’ म्हणतात. फिलिप रूइग नावाच्या पाद्र्याने १७४५ साली या भाषेवर एक पुस्तक लिहिले आणि त्यात तीन दाइना जर्मन भाषांतरासह दिल्या. जर्मन नाटककार आणि समीक्षक लेसिंगला त्या आवडल्या. १७५९ मध्ये त्यांतल्या दोन उद्धृत करून त्याने लिहिले, की कवी कोणत्याही आकाशाखाली जन्मतात आणि उत्कट भावना ही काही सुसंस्कृत राष्ट्रांची मक्तेदारी नव्हे. पुढे जर्मन विचारवंत हेर्डरने १७७८-७९ च्या आपल्या लोकगीतसंग्रहात अशा गाण्यांना जागा दिली आणि त्यांतले एक लग्नगीत गटेने ‘कोळीण’ या संगीतिकेत घेतले. १७८२ च्या उन्हाळ्यात वायमारजवळ टीफुर्टला, इल्म नदीच्या काठी, उघड्यावर तिचा प्रयोग झाला. तू ज्याच्यावर जीव टाकतोस ते ‘एर्लक्योनिग’ हे कथाकाव्यही त्याच संगीतिकेतले आहे.

त्या लग्नगीतातली मुलगी आईला सांगते, की आता सूत कातायला आणि कापड विणायला दुसरी मुलगी शोध, मी पुष्कळ कातले, पुष्कळ विणले. लिथुआनियन गाण्यांत आईपासून घोड्यापर्यंत बहुतेक सगळ्यांना लाडाचा प्रत्यय लागतो. भाषांतरकाराने तो जर्मनमध्येही इमानाने ठेवला आहे, त्यामुळे आई, तिचा जवस आणि तिचे कापड असे सगळेच लडिवाळ झाले आहे. जर्मन कानाला हे जरा अति वाटत असेल. ‘माउली’ आणि ‘घरकुल’ म्हणणाऱ्या, जात्यावरच्या ओव्या ऐकून वाढलेल्या आपल्याला मात्र त्यात काही वावगे वाटत नाही.

मला सर्वांत भुरळ घातली ती लुडविग रेझाच्या संग्रहाने. रेझाचा जन्म १७७६ चा, कूर्लंडच्या वाळूच्या दांड्यावरच्या एका खेड्यातला, आणि ते खेडे पुढे सरकत्या वाळूखाली गाडले गेले. तो क्योनिग्झबेर्गला प्राध्यापक झाला आणि १८२५ साली त्याने पंच्याऐंशी दाइना जर्मन भाषांतरासह छापल्या. त्यांत चंद्राच्या लग्नाचे गाणे आहे. पहिल्या वसंतात चंद्राने सूर्याशी लग्न केले. सूर्य पहाटे लवकर उठला, चंद्र वेगळा झाला, एकटाच भटकू लागला आणि पहाटतारेच्या प्रेमात पडला. तेव्हा मेघगर्जनेचा देव पेर्कूनास संतापला आणि त्याने तलवारीने चंद्राचे दोन तुकडे केले. लिथुआनियनमध्ये सूर्य स्त्रीलिंगी आहे आणि चंद्र पुल्लिंगी. जर्मनमध्येही नेमके तसेच असल्यामुळे रेझाचे काम सोपे झाले. मराठीत मात्र दोघेही पुरुष. चांदोबा तर मामाच! अर्थात आपला चंद्रही काही धुतल्या तांदळासारखा नाही: एकट्या रोहिणीवर जीव जडवल्याबद्दल त्याला दक्षाचा शाप मिळाला आणि क्षय लागला.

हे सगळे कौतुक मला निर्मळ मात्र वाटत नाही. १८०० साली एका लिथुआनियन शब्दकोशाला जोडलेल्या टिपणात तत्त्वज्ञ कांटने ही भाषा शाळेत आणि चर्चमध्ये शुद्ध स्वरूपात जपावी अशी बाजू घेतली होती; पण १८७३ मध्ये प्रशियाच्या सरकारने तेथील शाळांत जर्मन हेच शिक्षणाचे माध्यम केले. गाणी ग्रंथालयात पोहोचली आणि ती गाणाऱ्यांची भाषा वर्गाबाहेर गेली.

झूडरमान स्वतः त्याच भागात जन्मलेला. त्याच्या १९१७ च्या ‘लिथुआनियन कथां’मध्ये ही माणसे पहिल्यांदा हाडामांसाची दिसतात, तरीही त्यांच्या वासनांकडे आणि भोळेपणाकडे तो थोडे वरूनच पाहतो, असे मला वाटते. ‘तिल्झितचा प्रवास’चा शेवट तू पाहिलास त्याच्या नेमका उलट आहे. बायकोला बुडवायला निघालेला आन्सास स्वतःला तरता यावे म्हणून लव्हाळ्याच्या जुड्या बरोबर घेतो, आणि परतताना वादळ झाल्यावर त्याच जुड्या तिच्या अंगाला बांधतो. ती वाचते, तो बुडतो. मुर्नाऊने दोघांनाही वाचवले. मला झूडरमानचा शेवट अधिक खरा वाटतो.

आणि तिल्झितमध्येच १९१७ साली जन्मलेला जर्मन कवी-कादंबरीकार बोब्रोव्स्की! जर्मनांनी पूर्वेकडच्या लोकांशी जे केले, त्याचे ओझे त्याच्या लेखनावर सतत असते. त्याच्या मृत्यूनंतर १९६६ साली आलेल्या ‘लिथुआनियन पियानो’ या कादंबरीत १९३६ साली दोन जर्मन गृहस्थ नदी ओलांडून लिथुआनियन बाजूला जातात, कारण त्यांना दोनेलायटिसवर ऑपेरा रचायचा आहे. दोनेलायटिस म्हणजे अठराव्या शतकातला खेड्यातला पाद्री, लिथुआनियन भाषेचा थोर कवी, ज्याने ‘ऋतू’ हे काव्य लिहिले आणि फावल्या वेळात पियानो व वायुभारमापक बनवले. दोन्ही काठांवर राष्ट्रवादी उत्सवांचा गोंगाट चालू असताना मेलेल्या कवीचा सूर ऐकू पाहणारे हे दोघे मला फार जवळचे वाटले.

आता एक काम. त्या चंद्राच्या गाण्याचे मराठी करायला घेतले आहे आणि पहिल्याच ओळीत अडलो आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातल्या विवाहसूक्तात सोमाशी लग्न करणारी ‘सूर्या’ आहे, सूर्याची मुलगी. लिथुआनियन सूर्याला तिचे नाव द्यावे, की हे फारच संस्कृताळलेले होईल? तुझा कान माझ्यापेक्षा चांगला आहे, कळव.

वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझा,
माधव