अवमान याचिका टाकच

देवगड,
५ जुलै २०२६

प्रिय बाळू,

तुझं पत्र दोनदा वाचलं. हायकोर्टात जिंकूनही तू अजून रोजंदारीच्या मस्टरवर सही करतोस, हे वाचून जीव तळमळला. आणि वर लिहितोस, ‘साहेब माणूस बरा आहे, त्याच्यावर अवमान याचिका कशी टाकू?’

अरे, साहेब बरा असेलही. तुझं त्याच्याशी भांडण नाहीच. आदेश कोर्टाचा आहे. तो पाळला गेला नाही, हे कोर्टाच्या कानावर घालणं एवढंच तुझं काम.

मी आस्थापना शाखेत उभा जन्म काढला. अशी फाईल कशी फिरते ते रोज पाहिलंय. आदेशाच्या प्रतीवर आवकचा शिक्का बसतो, टिपणीत लिहितात ‘वरिष्ठांचे मार्गदर्शन मागवावे’. वरून त्रुटी निघते, फाईल परत येते, पुन्हा सादर होते. ‘नाही’ असं कुणीच म्हणत नाही आणि माणूस रोजंदारीवर म्हातारा होतो. मला याचीच चीड येते.

तुझ्या आदेशात ‘विचार करा’ असं नाही, ‘तीन महिन्यांत सेवेत कायम करा’ असं आहे. तेव्हा ‘प्रकरण विचाराधीन आहे’ या पत्राला अंमलबजावणी म्हणत नाहीत. अपील केलंय म्हणत असतील, तर स्थगिती दाखवा म्हणावं. नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही.

मुदतीचं मात्र नीट ऐक. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे, अवमान घडल्यापासून एका वर्षाच्या आत हालचाल करावी लागते. तुझे तीन महिने गेल्या गणपतीत संपले. गेल्या साली चतुर्थी २७ ऑगस्टला होती, यंदा अधिक ज्येष्ठामुळे १४ सप्टेंबरला आहे. ‘गणपती झाले की बघू’ म्हणालास तर वर्ष उलटलेलं असेल. तिथी नको, तारीख धर.

साहेबाला जेल होईल म्हणून घाबरू नकोस. कायद्यात सहा महिन्यांपर्यंत साधी कैद आणि दोन हजारांपर्यंत दंड आहे खरा, पण बहुतेक वेळा नोटीस निघाली की ऑर्डर टाईप होते आणि बिनशर्त माफीचं प्रतिज्ञापत्र येतं. हट्टाला पेटले तर गोष्ट वेगळी: बंगळूर महापालिकेतल्या एका कर्मचाऱ्याच्या बढतीच्या प्रकरणात १९९५ साली सुप्रीम कोर्टाने कर्नाटकच्या एका सचिवाला महिनाभराची कैद सुनावली होती.

रत्नागिरी-सिंधुदुर्गाची प्रकरणं आता हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे (खंडपीठाकडे) जातात. तुझा आदेश मुंबईचा, म्हणून याचिका कुठे टाकायची ते वकिलांना आधी विचार. कोल्हापूर ठरलं तर मी राजापूरला येतो, अणुस्कुरा घाटाने बरोबरच जाऊ. आदेशाची प्रमाणित प्रत आणि आवकच्या शिक्क्याची पोच तेवढी शोधून ठेव. सापडली नाही तर लगेच फोन कर.

वहिनींना नमस्कार, पोरांना आशीर्वाद.

तुझा,
नाना