कोआला अस्वल नाही आणि आळशीही नाही

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

‘जगातलं सगळ्यात आळशी अस्वल’ हा कालच्या पुरवणीतला लेख मी दोनदा वाचला. पहिल्यांदा वाटलं, आपल्याच वाचण्यात काही चूक झाली असेल. तशी झालेली नव्हती.

कोआला अस्वल नाही. अस्वल आपल्या विदर्भात आहे, मोहाची फुलं आणि वाळवी खातं. कोआला हा ऑस्ट्रेलियातला, कांगारूसारखा पिशवीत पिल्लू वाढवणारा प्राणी. त्याचा जवळचा नातलग वॉम्बॅट, तिथलाच बिळात राहणारा प्राणी. एकतीस वर्षं विज्ञान शिकवलं, त्यामुळे ही चूक नवी नाही. पण ‘निलगिरीची पानं खाऊन झिंगतो आणि दिवसभर लोळतो’ हे छापून आलेलं मला सहन होत नाही.

सर्दी झाली की आपण रुमालावर निलगिरीच्या तेलाचे दोन थेंब टाकतो. तेच तेल लहान मुलानं चमचाभर प्यायलं तर त्याला उचलून दवाखान्यात पळावं लागतं. कोआला या झाडांचा पाला रोज अर्धा ते एक किलो खातो. त्यातलं विष त्याचं यकृत मोडून काढतं. चोथा आंबवायला त्याच्या पोटात सुमारे दोन मीटर लांबीची अंधनाल, म्हणजे मोठ्या आतड्याच्या सुरुवातीची पिशवी, असते. आपली जेमतेम बोटभर. इतकं करून पदरात पडतं काय, तर थोडीशी शक्ती. तुटपुंज्या मिळकतीत घर चालवणाऱ्या बाईला विचारा, ती आधी खर्च आवरते. कोआला तेच करतो, म्हणून अठरा-वीस तास झोपतो. यात नशेचा काही संबंध नाही. उन्हाळ्यात बुंध्याला मिठी मारून बसतो तेही आळसानं नाही, बुंधा हवेपेक्षा गार असतो म्हणून.

लेखात ‘आईची विष्ठा खाणारं पिल्लू, शी!’ असंही एक वाक्य आहे. लेखकानं त्यामागचं कारण शोधायला हवं होतं. पिल्लू जन्मतं तेव्हा राजम्याच्या दाण्याएवढं असतं. आंधळं, केस नसलेलं, तरी आपलं आपण सरपटत पिशवीत पोचतं. सहा महिने दुधावर काढल्यावर आई त्याला आपल्या अंधनालेतला मऊ, पातळ लगदा खायला देते. पाला पचवणारे जिवाणू त्यातूनच त्याच्या पोटात जातात. ते गेले नाहीत तर पाला पचणार नाही. आपण सहाव्या महिन्यात बाळाची उष्टावण करतो, तशीच ही त्याची उष्टावण.

हे मला पुस्तकातून कळलं, पण मनात बसलं ते ऑस्ट्रेलियात, ब्रिस्बेनला. २०१८ साली लेकीच्या बाळंतपणासाठी मे ते नोव्हेंबर तिथे होते. सप्टेंबरमध्ये एका सकाळी बाळाचे कपडे वाळत घालताना कुंपणापाशी करड्या रंगाचं काहीतरी बसलेलं दिसलं. झाडावर नाही, जमिनीवर. जवळ गेले तरी हललं नाही. डोळे लाल, चिकटलेले. मागचा भाग ओला आणि विटकरी डागांनी भरलेला. शेजारच्या आजींनी फोन केला, तासाभरात एक स्वयंसेविका कपड्यांची टोपली आणि जाड टॉवेल घेऊन आली. उचलताना तिनं मला त्याचा पंजा दाखवला. दोन बोटं एकीकडे, तीन दुसरीकडे, जणू दोन अंगठे. बोटांच्या टोकांवर आपल्यासारख्या रेषा होत्या. ती मादी होती. स्वयंसेविका म्हणाली, क्लॅमिडिया या जिवाणूचा संसर्ग आहे, डोळे जातात, मूत्राशय सुजतं, पिल्लं होईनाशी होतात. दुसऱ्या दिवशी तिचा निरोप आला, आजार फार पुढे गेला होता, मादीला कायमचं झोपवावं लागलं. पिशवी रिकामी होती. खोलीत माझी नात पाळण्यात होती, आणि मी निरोप ऐकून बराच वेळ तिच्याजवळ बसून राहिले.

म्हणून ‘आळशी’ हा शब्द मला टोचतो. झाडं तुटली की कोआलांना एका झाडावरून दुसऱ्याकडे जमिनीवरून चालत जावं लागतं, मग मोटारी आणि कुत्री गाठतात. १९२७ च्या ऑगस्टमध्ये ब्रिस्बेन ज्या राज्यात आहे त्या क्वीन्सलँडच्या सरकारनं शिकारीला मोकळीक दिली तेव्हा एका महिन्यात कातड्यासाठी पाच लाखांहून अधिक कोआला मारले गेले. २०१९-२० च्या वणव्यांत किती होरपळले ते सगळ्यांनी पाहिलं. फेब्रुवारी २०२२ मध्ये क्वीन्सलँड, न्यू साउथ वेल्स आणि कॅनबेराच्या राजधानी प्रदेशातला कोआला सरकारी यादीत ‘संकटग्रस्त’ झाला. तुमच्या अर्ध्या पानाच्या लेखात यातली एकही ओळ नाही. पर्यटकाच्या कडेवरच्या कोआलाचं रंगीत छायाचित्र मात्र पाव पान आहे.

कृपया याच पुरवणीत, त्याच पानावर, शुद्धिपत्र छापावं. आतल्या कोपऱ्यात बारीक अक्षरात नको. शाळेतली मुलं ही कात्रणं प्रकल्पाच्या वहीत चिकटवतात, त्यांना चुकीचं शिकवू नका.

आणि आणखी एक. मुलांच्या पानावरच्या शब्दकोड्याची उत्तरं गेले चार रविवार छापलेली नाहीत. नात आता सात वर्षांची आहे, मी तिला व्हिडिओ कॉलवर कोडं वाचून दाखवते. ती दर रविवारी उत्तरं मागते. तीही छापावीत.

आपली,
एक निवृत्त विज्ञान शिक्षिका, सांगली