ड्रोन घेतला म्हणजे डॉक्युमेंट्रीचा कॅमेरामन होत नाही

संपादक साहेब, नमस्कार.

रविवारच्या तुमच्या करिअर पुरवणीत कॅमेरामन कसं व्हायचं ते वाचलं. अर्धं पान तर कुठला कॅमेरा आणि कुठला ड्रोन घ्यायचा यातच गेलंय, आणि आमच्या भाच्याने ते वाचून घरात लाखाच्या कॅमेऱ्याचा हट्ट धरलाय, म्हणून हे पत्र. मी बरीच वर्षं डॉक्युमेंट्री शूट केल्यात, मधे घर चालवायला बडोद्यातली लग्नंही शूट केली, त्यात लाज कसली. पण लग्नात नवऱ्याला परत एकदा हार घाल म्हणता येतं, डॉक्युमेंट्रीत तसं म्हटलं की समोरचा माणूस नाटक करायला लागतो आणि पुढचे दोन दिवस तो काही खरा वागत नाही. म्हणून सुरुवातीला कॅमेरा बॅगेतच ठेवायचा, चहा प्यायचा, घरच्यांची ओळख होऊ द्यायची. शूटिंग सुरू झालं की एक डोळा व्ह्यूफाइंडरला आणि दुसरा उघडा, कारण दारातून कोण येतंय ते डायरेक्टर सांगेपर्यंत क्षण गेलेला असतो, आणि फोकस ओढायला, म्हणजे माणूस हलला तरी चित्र स्पष्ट ठेवायला, बहुतेक वेळा दुसरं कोणी नसतंच.

बारीकसारीक गोष्टी कोण शिकवणार? अमेरिकन व्हिडिओ बघून पोरं शटर सेकंदाच्या १/६० वर ठेवतात, ते तिकडच्या ६० हर्ट्झच्या विजेला ठीक, आपली वीज ५० हर्ट्झची, मग ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकतं. आपल्याकडे १/५० ठेवावं. पूर्वी १६ एमएम फिल्मचा ४०० फुटांचा रोल जेमतेम ११ मिनिटं चालायचा, त्यामुळे कधी शूट करायचं नाही हे आपोआप कळायचं, आता मेमरी कार्डं भरभरून आणतात आणि एडिटर डोक्याला हात लावतो.

चिकाटीचं म्हणाल तर दादासाहेब फाळके आपल्याच बडोद्याच्या कलाभवनात शिकले आणि १९१२ मध्ये वाटाण्याचं रोप कसं वाढतं ते थोडं थोडं करत शूट केलं, हे तरी छापायचं होतं! ऑगस्ट २०२४ च्या पुरात आपल्या विश्वामित्री नदीतल्या मगरी रस्त्यावर आल्या तेव्हा ज्याच्या त्याच्या फोनमध्ये रील होती, पण पाणी ओसरल्यावर त्याच मगरींसाठी महिनोन्‌महिने काठावर बसणारा एखादाच.

पैशांचंही खरं लिहा. दिवसाच्या रेटवर काम, एक महिना भरलेला तर पुढचे दोन कोरडे, मधे कंपन्यांच्या आणि संस्थांच्या फिल्म्स. पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म संस्थेत सिनेमॅटोग्राफी करायची तर आधी ग्रॅज्युएशन लागतं, आणि तिकडे नाही गेलं तरी कुणाच्या तरी हाताखाली लेन्स पुसत, केबल गुंडाळत काही वर्षं काढली की काम येतं. कॅमेरा तर भाड्याने मिळतो हो, आधी विकत कशाला?

आणि ड्रोनचं छापलंच आहे तर आपल्या हरणीला विमानतळ आहे, तिथे परवानगीशिवाय उडवता येत नाही, हेही पुढच्या रविवारी एका ओळीत द्या, नाहीतर एखादा पोरगा पोलिसांत अडकायचा.

आपला,
दांडिया बाजारातला एक जुना वाचक, बडोदा