डाउनलोड नाही म्हणजे ‘ताबा’ नाही?

महोदय,
मुलांच्या लैंगिक शोषणाचे व्हिडिओ, फोटो यांबाबत ‘मी फक्त पाहिलं, डाउनलोड केलं नाही’ हा बचाव अजूनही सर्रास ऐकू येतो. सर्वोच्च न्यायालयाने 23 सप्टेंबर 2024 च्या निकालात तो मोडीत काढला आहे. पॉक्सोच्या (लैंगिक गुन्ह्यांपासून बालकांचे संरक्षण करणारा कायदा) कलम 15 खाली असा मजकूर ‘ताब्यात’ ठरण्यासाठी फाइल फोनमध्ये असण्याची गरज नाही. मजकूर काय आहे ते ठाऊक असणे आणि त्यावर नियंत्रण असणे, एवढ्यावर ताबा ठरतो. ऑनलाइन व्हिडिओ पाहताना तो थांबवणे, पुढे पाठवणे हातात असतेच की!

गुन्हा नोंदवताना फाइल सापडली नाही, तरी आधीचा ताबा सिद्ध होऊ शकतो. म्हणजे नंतर घाईने डिलीट करूनही सुटका नाही. कलम 15(1) मध्ये पुढे पाठवण्याचा हेतू लागतो. पण कलम 30 मुळे तो गृहीत धरला जाऊ शकतो आणि खोडून काढण्याचे ओझे आरोपीवर येते. शिवाय आयटी (माहिती तंत्रज्ञान) कायद्याच्या कलम 67ब खाली असा मजकूर नुसता पाहणे, शोधणेही गुन्हाच.

अनोळखी लिंक चुकून उघडली आणि त्यात असा मजकूर निघाला तर? लगेच बंद करा, पण तेवढ्यावर थांबू नका. पोलिसांत तक्रार नोंदवा. ‘बघा काय आलंय’ म्हणून ग्रुपवर टाकणे मात्र सर्वांत महागात पडते.

— एक वाचक, नाशिक