सात पूल, सात प्रती

पुणे

प्रिय अव्या,

सप्रेम नमस्कार. ग्राफ थिअरीच्या, म्हणजे बिंदू आणि त्यांना जोडणाऱ्या रेषांच्या गणिताच्या तासाला तू क्योनिग्सबर्ग शहराच्या सात पुलांचं कोडं शिकवत होतास, तेव्हा एका मुलाने तुला विचारलं, "सर, हे पूल मोजून पुढे काय?" आणि तू गप्प राहिलास, हे तुझ्या पत्रात वाचल्यापासून मला चैन नाही. पुढच्या तासाला त्याला हे पत्रच वाचून दाखव.

माझ्या कामातच त्याचं उत्तर आहे. जीनोम म्हणजे सजीवाच्या डीएनएचा अख्खा मजकूर, ए, सी, जी, टी या चार अक्षरांत लिहिलेला. तो सलग वाचता येत नाही. आम्ही वापरतो ते मशीन एका वेळी १५० अक्षरं वाचतं आणि ई. कोलाय या साध्या जिवाणूचा जीनोमच ४६ लाख अक्षरांचा. हाती येतात लाखो चिठोऱ्या, कुठली कुठून आली याचा पत्ता नाही. पूर्वी प्रत्येक चिठोरीला बिंदू मानून सगळ्या बिंदूंवरून एकेकदा जाणारी वाट शोधत. म्हणजे हॅमिल्टनची वाट. ती किती छळते ते तुला सांगायला नको. २००१ मध्ये पेव्झनर, टँग आणि वॉटरमन यांनी चिठोऱ्यांचे आणखी छोटे, सारख्या लांबीचे तुकडे पाडले आणि तुकड्याला बिंदू न मानता पूल मानलं. झालं! प्रत्येक पूल एकदाच ओलांडून फिरता येईल का, हा ऑयलर या गणितज्ञाने १७३६ मध्ये क्योनिग्सबर्गच्या सात पुलांसाठी केलेला विचार जसाच्या तसा लागू पडला. येणारे-जाणारे पूल मोजले की वाट आहे की नाही ते कळतं, आणि असली तर ती झटकन सापडतेही.

फळ्यावर हे तुकडे लिही: टीएजी, एजीए, जीएटी, एटीटी, टीटीए, पुन्हा टीएजी, एजीसी. बिंदू दोन-दोन अक्षरांचे: टीएजी म्हणजे टीएपासून एजीपर्यंतचा पूल, बाकीचेही तसेच. टीएपासून निघ. एजीवरून आधी जीसीकडे वळलास तर तिथेच अडकशील आणि पूल उरतील. जीएकडे वळलास तर फिरून टीएवर येशील आणि शेवटी जीसी. वाचून बघ: टीएजीएटीटीएजीसी. दुसरं उत्तरच नाही. मी हे पहिल्यांदा हाताने सोडवलं तेव्हा रात्री झोप लागली नाही.

किती वाचलं म्हणजे पुरे, हे तुझ्या लाडक्या पॉयसाँचं संभाव्यतेचं सूत्र सांगतं. लँडर आणि वॉटरमन यांचा १९८८ चा हिशोब आहे हा. प्रत्येक अक्षर सरासरी ५ वेळा वाचलं, तर ई (गणितातला स्थिरांक, सुमारे २.७१८) चा उणे ५ वा घात एवढा भाग सुटतो. या जिवाणूत सुमारे ३१ हजार अक्षरं. सरासरी १० केली की सुटतात जेमतेम दोनशे. मशीनवर पैसे घालण्याआधी हे कागदावर कळतं.

पण माझा पहिला जीनोम, याच ई. कोलायचा, जुळवला तेव्हा स्क्रीनवर गोल कडं यायचं (त्याचा जीनोम गोल असतो) तिथे गुंता आला. दोन दिवस मी माझाच कोड तपासत होतो. चूक कोडमध्ये नव्हतीच. रायबोसोमच्या, म्हणजे पेशीतल्या प्रथिनं बनवणाऱ्या यंत्राच्या, आरएनएची जनुकं या जिवाणूत सात ठिकाणी आहेत, जवळपास सारखीच, दरवेळी सुमारे ५,००० अक्षरं. १५० अक्षरांची चिठोरी त्यात शिरली की ती कुठल्या प्रतीतली, कोण सांगणार? सात वाटा एकत्र येतात, सात फुटतात. ऑयलरच्या नियमात बसणाऱ्या वाटा अनेक, खरी एकच.

तिथे भौतिकशास्त्र धावून आलं. डीएनएचा धागा नॅनोमीटरभर रुंद छिद्रातून ओवतात. आत असलेल्या अक्षरांप्रमाणे छिद्रातला आयनांचा, म्हणजे विद्युतभारित कणांचा, प्रवाह कमी-जास्त होतो. तो पिकोअँपिअरमध्ये (अँपिअरचा एक लाख कोटीवा भाग) मोजून अक्षरं ओळखायची. एका दमात हजारो अक्षरं मिळतात आणि ५,००० अक्षरांची गाठ अलीकडून पलीकडे ओलांडता येते. अशा लांब वाचनांच्या जोरावरच माणसाच्या जीनोमचा उरलेला ८ टक्के भाग २०२२ मध्ये भरून निघाला.

सोबत पाकिटात बारा चिठ्ठ्या आहेत, तीन-तीन अक्षरांच्या. उत्तर कुठेही लिहिलेलं नाही. त्या मुलाला सोडवायला दे, आणि सुटलं की त्यालाच मला फोन करायला सांग.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
बाळ्या