काकू, हे आभार चारचौघांतच मानते

ती. स्व. काकूंना सा. न. वि. वि.

समोर उभं राहून तुमचे आभार मानायला गेलं की ‘त्यात काय एवढं’ म्हणून तुम्ही गॅसकडे वळता आणि विषय तिथेच संपतो. म्हणून हे पत्र सगळ्यांना वाचता येईल असं लिहिते आहे. आता तुम्हाला मला मध्येच तोडता येणार नाही. शिवाय इथे अमेरिकेत नव्याने आलेल्या आपल्या कितीतरी मुलामुलींना उन्हाळा आला की हीच काळजी पडते. ऑफिसचा नाहीतर शेजाऱ्यांचा बार्बेक्यू असतो, प्रत्येकाने एकेक पदार्थ आणायचा असतो, आणि न्यावं काय ते सुचत नाही.

माझ्या वाट्याला 4 जुलैसाठी, म्हणजे इथल्या स्वातंत्र्यदिनासाठी, बेक्ड बीन्स आले, म्हणजे गोडसर रसात ओव्हनमध्ये तास न् तास मुरवलेले दाणे. यादीत पुढे ‘गोड, पण झणझणीत’ अशी टीपही होती. ‘तुम्हा लोकांना तिखटाची सवय असते ना’ या भरवशावर ते काम माझ्याकडे आलं असणार. तुम्हाला फोन केला तर तुम्ही पाककृती सांगितलीच नाही. उलट विचारलंत, ‘किती माणसं? शाकाहारी किती? ग्रिल कोळशाचं की गॅसचं? आणि जेवण उन्हात की सावलीत?’ तेव्हाच कळलं, आपण योग्य माणसाला विचारलं आहे.

तुम्ही स्वतः शाकाहारी. सुरुवातीच्या काळात बार्बेक्यूला गेलं की ताटात घेण्याजोगे फक्त बीन्सच दिसायचे, आणि त्यांतही बेकन किंवा सॉल्ट पोर्क निघायचं, असं तुम्ही म्हणालात. मग काय, आपणच करायला शिकायचं. म्हणून लेबल वाचण्याचा तुमचा धडा सगळ्यात आधी झाला. डब्यातल्या तयार बीन्समध्ये बहुतेक वेळा डुकराचं मांस असतं, ‘व्हेजिटेरियन’ असं स्पष्ट लिहिलेला डबा वेगळा मिळतो. हे मला माहीत होतं. वूस्टरशर सॉसमध्ये अँकोव्ही नावाचे बारीक मासे असतात, हे मात्र नव्हतं. बाटलीतल्या बार्बेक्यू सॉसमध्येही तो सॉस असू शकतो. कितीतरी शाकाहारी मंडळी हे सगळं वर्षानुवर्षं निर्धास्तपणे खात असतील! त्यांना सांगावं की सांगू नये, हा प्रश्न मी तुमच्यावरच सोडते.

दाणा तुम्ही ठरवलात तो नेव्ही बीन, पांढरा, वाटाण्याएवढा. अमेरिकन नौदलाच्या जेवणात तो एकोणिसाव्या शतकापासून असायचा, म्हणून हे नाव. आपला राजमा आणि हा दाणा वनस्पतिशास्त्राच्या हिशेबाने एकाच जातीचे, आणि दोघांचं मूळ अमेरिका खंडांतलं. तेव्हा परकं काही शिजवते आहे असं वाटून घ्यायचं कारण नाही, हे तुमचं म्हणणं मला फार धीर देऊन गेलं.

आदल्या रात्री एक पौंड दाणे, म्हणजे साडेचारशे ग्रॅम, निवडून भिजत घातले. पाणी चार लिटर आणि त्यात तीन मोठे चमचे मीठ. कडधान्य मिठात भिजवलं की शिजत नाही, असं मी लहानपणापासून ऐकत आले होते. तुम्ही कारण सांगितलंत. दाण्याच्या सालीतला पेक्टिनचा सांगाडा कॅल्शियम आणि मॅग्नेशियमने घट्ट बांधलेला असतो. मिठातलं सोडियम त्यांतल्या काहींची जागा घेतं, बांधणी सैल होते आणि साल मऊ पडते. सकाळी दाणे निथळून ते खारं पाणी टाकून द्यायचं आणि नव्या पाण्यात शिजवायला घ्यायचं.

इथे एक गोष्ट वाचणाऱ्यांसाठी मुद्दाम लिहिते, कारण तुम्हीही ती दोनदा बजावली होती. भिजवलेले कच्चे दाणे थेट स्लो कुकरमध्ये, म्हणजे मंद आचेवर तास न् तास शिजवणाऱ्या विजेच्या भांड्यात, टाकू नका. या जातीच्या दाण्यांत लेक्टिन नावाचं एक विषारी प्रथिन असतं, लाल राजम्यात सगळ्यात जास्त. ते निकामी व्हायला खळखळती उकळी लागते, आणि स्लो कुकर तेवढा तापेलच याची खात्री नसते. अर्धवट तापण्याने तर त्याचा त्रास वाढूही शकतो. एफडीए, म्हणजे इथली अन्न आणि औषधांवर देखरेख ठेवणारी सरकारी संस्था, तिचा सल्ला सरळ आहे: किमान 5 तास भिजवा, पाणी बदला, 30 मिनिटं उकळा. नेव्ही बीनमध्ये ते लाल राजम्यापेक्षा कमी असलं तरी उकळी चुकवायची नाही, हा तुमचा नियम.

उकळी झाल्यावर आच मंद. कुकर लावू का, असं विचारलं तर तुम्ही म्हणालात, ‘लाव, पण मग दाणा फुटला तर तक्रार करू नकोस.’ मी उघड्या पातेल्यातच ठेवले. शिजले की नाही हे बघण्याची तुमची रीत मला सगळ्यात आवडली. चमच्यावर चार दाणे घ्यायचे आणि त्यांवर फुंकर मारायची. साल सुरकुतून सुटली की दाणे पुढच्या कामाला तयार. न्यू इंग्लंडातल्या, म्हणजे बोस्टनच्या आसपासच्या, जुन्या गृहिणी असंच करत, असं तुम्ही सांगितलंत. मी तशी फुंकर मारत असताना नवरा स्वयंपाकघरात डोकावला आणि काही न बोलता परत गेला.

आणि आता ज्याच्यासाठी हे पत्र लिहायला बसले ते. ‘दाणा पूर्ण मऊ झाल्याशिवाय गोड आणि आंबट जवळ आणायचं नाही,’ असं तुम्ही म्हणालात. मी म्हटलं, ओव्हनमध्ये चार तास राहणारच आहेत की, कसर तिथे भरून निघेल. तुम्ही शांतपणे सांगितलंत, ‘नाही निघणार.’ टोमॅटो, व्हिनेगर, मोलॅसिस (उसाचा दाट काळा पाक), सगळी आम्लधर्मी. आम्लात ते पेक्टिन विरघळायला तयार नसतं. त्यातून मोलॅसिसमध्ये भरपूर कॅल्शियम, म्हणजे मिठाने जे सैल केलं ते पुन्हा आवळलं जाणार. साखरही मऊ होणं लांबवते. तेव्हा कडक दाणा त्या रसात गेला की तास न् तास कडकच राहतो. पण याचीच दुसरी बाजू अशी की आधी मऊ झालेला दाणा त्याच रसात कितीही वेळ ठेवा, त्याचा लगदा होत नाही. ज्यामुळे पदार्थ बिघडतो त्याच गोष्टीने तो टिकतो. चार तासांनी झाकण काढलं तेव्हा प्रत्येक दाणा वेगळा, सबंध, आणि जिभेने दाबला तर लोण्यासारखा. हे क्रमाचं कारण मला कुठल्याही पाककृतीच्या पानावर मिळालं नव्हतं. तिथे फक्त क्रम असतो.

मोलॅसिस म्हणजे आपल्या साखर कारखान्यातल्या मळीचीच खाण्याजोगी बहीण. त्यातही ब्लॅकस्ट्रॅप घ्यायचं नाही, ते तिसऱ्या उकळीनंतरचं असतं आणि कडू लागतं, हे बजावून तुम्ही स्वतःची सौम्य मोलॅसिसची बाटली माझ्या हाती दिलीत. ती ओतताना बोस्टनची गोष्टही सांगितलीत. 15 जानेवारी 1919 ला तिथल्या नॉर्थ एंड भागातली मोलॅसिसची प्रचंड टाकी फुटली आणि त्या लोंढ्यात 21 माणसं गेली. तो साठा बीन्ससाठी नव्हता, अल्कोहोल बनवण्यासाठी होता. पण शहराचा मोलॅसिसशी संबंध त्याहून कितीतरी जुना. कॅरिबियन बेटांवरून ते रम गाळण्यासाठी यायचं, आणि त्यातलंच थोडं घरोघरीच्या बीन्सच्या मडक्यात पडायचं. तिथे वसलेल्या कडव्या ख्रिस्ती प्युरिटन लोकांचा विश्रांतीचा दिवस शनिवारी संध्याकाळीच सुरू व्हायचा, मग चूल पेटवायला नको म्हणून मडकं आधीच भट्टीत लागायचं. या रीतीतून इथला शनिवार रात्रीचा बीन्सचा बेत आला.

बोस्टनचे बीन्स मात्र गोडाकडे झुकलेले, तिखटाशी त्यांचं फारसं सख्य नाही. कॅन्सस सिटीकडे गेलं की टोमॅटोचा दाट सॉस आणि ब्रिस्केटचे, म्हणजे गाईच्या छातीच्या मांसाचे, जळके तुकडे येतात. मला हवा होता तो धूर आणि तिखटपणा, पण मांसाशिवाय. त्यावर तुमचं उत्तर होतं चिपोटले, म्हणजे पिकलेली हालापेनो मिरची धुरावर वाळवलेली. अडोबो नावाच्या आंबट-तिखट सॉसमध्ये मुरवलेली ती डब्यात मिळते. तीन मिरच्या. दोन बारीक वाटून सुरुवातीलाच, आणि तिसरी शेवटच्या तासाला. कारण गोडामुळे तिखट आधी दबतं आणि मागाहून घशाशी येतं. सगळं एकदम घातलं की चव घेताना ‘अजून हवं’ वाटतं आणि ताटात पडल्यावर लोक पाणी शोधतात. त्यांना पाण्याने आराम पडत नाही हेही तुम्ही सांगून ठेवलंत, तिखटाचा अंश पाण्यात विरघळत नाही, स्निग्धात विरघळतो. म्हणून शेजारी कोलस्लॉ, म्हणजे कोबीची कोशिंबीर, ठेव, मेयोनीज घातलेली. किती बारकाईने विचार करता हो तुम्ही!

बाकीचं पटकन लिहून टाकते, म्हणजे विचारणाऱ्यांना इथेच सापडेल. दोन मोठे कांदे तेलात चांगले तांबूस होईपर्यंत परतले. त्याच तेलात चमचाभर स्मोक्ड पाप्रिका, क्षणभरच, नाहीतर करपते. मग पाऊण कप केचप, अर्धा कप ब्राऊन शुगर, पाव कपाहून थोडं जास्त मोलॅसिस, एक मोठा चमचा मोहरीची पूड, चवीपुरतं मीठ, चिपोटले, आणि दाणे शिजवलेलं पाणी दाणे जेमतेम बुडतील इतकं. ओव्हन 300 फॅरनहाइटवर, म्हणजे साधारण 150 सेल्सियस. तीन तास झाकून, शेवटचा तास झाकण काढून. सायडर व्हिनेगर दोन मोठे चमचे, तेही अगदी शेवटी, आधी घातलं तर त्याचा वास उडून जातो.

घाई असेल तर 15 औंसांचे साध्या, बिनमसाल्याच्या दाण्यांचे चार डबे धुऊन घेतले तरी एका पौंडाचं काम भागतं, असंही तुम्ही म्हणाला होतात. मी तो रस्ता धरणार नाही, पण नोकरी आणि लहान मूल सांभाळणारीने खुशाल धरावा.

भांडं तुमचंच. अरुंद तोंडाचं तपकिरी बीन पॉट मागायला आले होते, आणि तुम्ही पसरट, इनॅमलचं बिडाचं भांडं काढून दिलंत. अरुंद तोंडातून पाणी आटत नाही, आणि बार्बेक्यूला लोकांना वरची चिकट काळसर साय हवी असते. फॉइलच्या ट्रेमध्ये नेऊ नकोस हेही सांगितलंत, कारण इतका वेळ आंबट रस राहिला तर अॅल्युमिनियमची चव उतरते. आणि रस पातळ वाटत असतानाच बाहेर काढायला लावलात. मला तो फारच सैल दिसत होता, पण निवता निवता आळला आणि बरोबर झाला.

तिथे पोचल्यावर भांडं ग्रिलच्या कमी आचेच्या बाजूला ठेवलं, मांसाचे थेंब पडणार नाहीत असं. यजमानांनी हिकरीचं लाकूड घातलं होतं, तो धूर आयताच मिळाला. ऊन 90 फॅरनहाइटच्या वर होतं, म्हणून तुमचा तासाचा नियम पाळला. गरम पदार्थ 140 फॅरनहाइटच्या खाली येऊ द्यायचा नाही, आणि अशा उन्हात तो आचेवरून उतरला तर तासाच्या आत खाऊन संपवायचा. संपवण्याचा प्रश्न आलाच नाही. टेक्सासच्या एका गृहस्थांनी तर तळ खरवडला आणि मग ‘यात बेकन कुठलं?’ असं विचारलं. बेकन नाहीच म्हटल्यावर त्यांनी पुन्हा एकदा भांड्यात बघितलं.

त्यांनी पाककृती मागितली. मी प्रमाण सांगायला लागले आणि नकळत तुमच्यासारखी कारणंच सांगत बसले. ते हातात बर्गर घेऊन ऐकत उभे होते.

काकू, मेन राज्यात निखाऱ्यांवर मडकं ठेवून, वर माती लोटून रात्रभर जमिनीत बीन्स शिजवतात, असं तुम्ही बोलता बोलता म्हणाला होतात. तेव्हापासून ते माझ्या डोक्यातून जात नाही. सप्टेंबरातल्या लेबर डेच्या सुट्टीला जमेल का? खड्डा किती खोल लागतो ते कळवा, म्हणजे घरमालकाकडे अंगणाचं बोलून ठेवते. तुमचं बिडाचं भांडं तोवर माझ्याकडेच राहू दे, ही विनंती.

बाकी भेटीअंती. कळावे, लोभ आहेच, तो वाढावा.

तुमची,
बीन्सवाली शेजारीण